एक झाड तोडून दहा लावली, तर हवेचा हिशेब बरोबर होतो का?

जिज्ञासा:
रस्त्यासाठी शंभर झाडं गेली तर हजार लावू, असं आश्वासन हल्ली सगळीकडे ऐकू येतं. आकडा दहापट आहे, तरी मनाला पटत नाही. वाढणारं झाड कार्बन डायऑक्साइड शोषतं, हे शाळेत शिकलेय. मग दहा झाडं एकापेक्षा जास्त शोषणार नाहीत का? जंगलतोडीने तापमान वाढतं ते नेमकं कसं? कुणी नीट समजावून सांगाल का?

वनमापक:
मी जंगलात झाडं मोजण्याचं काम करतो, त्या अनुभवावरून सांगतो. जमिनीपासून 1.3 मीटरवर, साधारण छातीच्या उंचीला, खोडाभोवती टेप गुंडाळून घेर लिहायचा. खोडावर वेल चढलेली असेल तर टेप तिच्याखालून घालावी लागते, नाहीतर झाड कागदावर उगाच जाड होतं. या मापावरून झाडाचं वजन काढता येतं, आणि तुमचं उत्तर तिथेच आहे. व्यास दुप्पट झाला की वजन पाच-सहा पट होतं. त्यामुळे 60 सेंटिमीटर व्यासाचं झाड आणि मनगटाएवढं, 5 सेंटिमीटरचं झाड यांच्या वजनात 500 पटींच्या आसपास फरक पडतो. तशी पाचशे लावून, जगवून, मनगटाएवढी केली की कुठे एका झाडाची भरपाई होते!

वाळलेल्या लाकडात जवळपास निम्मा कार्बन असतो. सुकं वजन 4 टन असलेलं झाड जळलं, तर 2 टन कार्बन सुटतो आणि ऑक्सिजनशी जुळून त्याचा 7 टनांहून जास्त कार्बन डायऑक्साइड होतो. जळायला एखादा दिवस पुरतो, तेवढा कार्बन पुन्हा लाकडात बांधायला कित्येक दशकं लागतात. तोवर तो वायू हवेत राहून उष्णता अडवतो. अशा आश्वासनात भरपाई कोणत्या सालापर्यंत होणार हे कधी लिहिलेलं नसतं, ते मला फार खटकतं.

सुतारपक्षी:
पण लाकूड जाळलंच पाहिजे असं थोडंच आहे? दारं, खिडक्या, तुळया केल्या तर कार्बन त्यातच राहतो ना?

वनमापक:
राहतो, हे बरोबर. पण जंगल साफ होतं ते बऱ्याचदा जमिनीसाठी. अ‍ॅमेझॉनमध्ये सगळ्यात मोठं कारण गुरांची कुरणं. तिथे झाडं पाडतात, वाळू देतात आणि पेटवतात. इंडोनेशियात काही जंगलांखाली पीट असतं, म्हणजे पाण्यात हजारो वर्षं अर्धवट कुजत साठलेला पाल्याचा आणि मुळांचा थर. पाम तेलाच्या मळ्यांसाठी चर खणून पाणी काढलं की तो वाळतो, आणि एकदा पेटला की जमिनीखाली आठवडेच्या आठवडे धुमसतो. 1997 आणि 2015 मध्ये तिथे असं प्रचंड प्रमाणावर झालं. त्या थरातला कार्बन परत साठवायला माणसाचं आयुष्य पुरणार नाही.

पाऊसवेडा:
कार्बनच्या नादात पाणी विसरू नका. एखादं मोठं झाड दिवसाला 100 लिटर पाणी हवेत सोडत असेल, तर त्याची वाफ व्हायला सुमारे 70 युनिट विजेइतकी उष्णता लागते. झाड गेलं की तीच उष्णता जमीन आणि हवा तापवते. 1970 च्या दशकात ब्राझीलचे शास्त्रज्ञ एनियास सालाती यांनी अ‍ॅमेझॉनच्या पावसातल्या ऑक्सिजनचे समस्थानिक, म्हणजे त्याच मूलद्रव्याचे कमी-जास्त वजनाचे अणू, तपासले. तिथला जवळपास निम्मा पाऊस जंगलानेच परत वर सोडलेल्या पाण्याचा असतो, असं त्यांना आढळलं. बर्फाळ उत्तरेत मात्र गणित थोडं फिरतं. उघड्या बर्फावरून ऊन परत जातं, गर्द सूचिपर्णी झाडं ते शोषून घेतात. म्हणून सगळी जंगलं एका मापाने मोजू नयेत.

जिज्ञासा:
खूप आभार. मग झाडं लावूच नयेत का?

वनमापक:
लावा की, जरूर लावा! फक्त उभ्या जंगलाच्या बदल्यात नको. कोस्टा रिकाने 1996 च्या वनकायद्यात जंगलाची जमीन दुसऱ्या वापरासाठी घेण्यावर बंदी घातली आणि जंगल राखणाऱ्या जमीनमालकांना इंधनावरच्या करातून मोबदला द्यायला सुरुवात केली. आज तो देश निम्म्याहून जास्त जंगलाखाली आहे. त्यातलं पुष्कळ जंगल आपसूक परतलं. कुरणं सोडून दिली आणि जवळच्या जुन्या जंगलातून पक्ष्यांनी, वटवाघळांनी बिया आणल्या. जवळ जुनं जंगलच उरलं नसेल तर बिया येणार कुठून?

आणि हजार झाडांचं आश्वासन मिळालं, तर पाच वर्षांनी त्यांचा घेर कोण मोजणार आणि ती नोंद लोकांना कुठे पाहता येईल, हे लेखी मागा.