मदत हवी आहे: जोडपं, जोडगोळी की दुक्कल?
नमस्कार मंडळी, आम्ही इंदूरचे, घरी मराठीच बोलतो पण शाळा सगळी हिंदीत झाली त्यामुळे असल्या ठिकाणी गाडी अडते. काका-काकूंच्या लग्नाला ५० वर्षं होतायत आणि निमंत्रणाचा मजकूर माझ्या गळ्यात पडलाय. दादा म्हणतो 'आमची लाडकी दुक्कल' टाक, मस्त वाटेल, तर आत्या भडकलीच, म्हणे दुक्कल चोरांची असते, पेपरात 'दुक्कल गजाआड' असंच येतं ना! पण गमतीत, कौतुकानेही म्हणतातच की?

'जोडगोळी' मला गोड वाटतं, पण ते दोन मित्रांना जास्त शोभतं, नवराबायकोला चालेल का? 'युगुल' म्हटलं की बागेतलं प्रेमी युगुल (काकांना आवडेल म्हणा 😀), 'दांपत्य' म्हणजे एकदम सत्यनारायणाला बसल्यासारखं. लक्ष्मीनारायणाचा जोडा म्हणतात तेही सुचलं, पण इकडे हिंदीमुळे जोडा म्हणजे नवरीचे कपडे आणि पुण्याच्या पाहुण्यांना नुसतं 'जोडा' वाचून पायातलाच आठवायचा. 'जोडपं' बरोबर आहे पण फार साधं, पन्नाशीला जरा वजन हवं.

तर काय लिहू सांगा, शनिवारी प्रिंटिंगला द्यायचंय. आणि दुक्कलबद्दल आत्याचं खरं का हेही सांगा, घरात वाद पेटलाय.