नायिकेच्या ओठांवर आपला आवाज, श्रेयनामावलीत नाव नाही: होकार देण्याआधी काय बघावं?

नौपाड्याची_सा:
ठाण्यात वागळे इस्टेटमधल्या एका स्टुडिओत मराठी चित्रपटाची २ गाणी गायची आहेत. शूटिंग झालंय. नायिकेने स्वतःच्याच आवाजातल्या ट्रॅकवर ओठ हलवलेत, आता तो काढून माझा आवाज घालणार. गाणी तिनेच गायली असं सांगणार, त्यामुळे माझं नाव कुठेच नाही. मानधन एकरकमी. शास्त्रीय गाण्याची तयारी आहे, ओठांवर गायची सवय नाही. तयारी कशी करावी? सही करण्याआधी काय तपासावं?

कोमल_रिषभ:
ताई, संपादन लॉक झालंय का, म्हणजे यापुढे शॉट बदलणार नाहीत ना, ते आधी विचारा. नसेल तर गाऊ नका. शॉट बदलला की सगळं पुन्हा.

नुसता ट्रॅक घेऊ नका, चित्र मागा आणि फ्रेमरेट (सेकंदाला किती फ्रेम) लेखी घ्या. २४ फ्रेमचं चित्र कुणी २५ ने चालवून पाठवलं, तर मिनिटाचं गाणं ५७.६ सेकंदांत संपतं आणि पट्टीही अर्ध्या स्वराहून थोडी कमी चढते. तुम्ही त्यावर जीव ओतून गाल आणि मूळ चित्रावर एक ओळ बसणार नाही. फाइल ४८ किलोहर्ट्झ, २४ बिट वेव्ह द्या. एमपी३ नको, तिच्या सुरुवातीला बारीकशी शांतता चिकटते. इथे एक फ्रेम म्हणजे जेमतेम ४२ मिलिसेकंद.

आता ओठ. आवाज बंद करून चित्र बघा आणि कागदावर प, फ, ब, भ, म या अक्षरांना गोल करा. या प्रत्येकाला ओठ मिटतात. क्लोजअपमध्ये ‘मन’चा म ओठ उघडल्यावर ऐकू आला की प्रेक्षकाला काय चुकलं ते सांगता येत नाही, पण खटकतं. लांबच्या शॉटमध्ये खपून जातं, तिथे वेळ घालवू नका. तिचे खांदे कुठे उचलले जातात तिथे खूण करा, श्वास तिथेच घ्या आणि मिक्सिंगमध्ये तो पुसू देऊ नका.

तयारीच्या गळ्याची गफलत मुरक्या-खटक्यांत, म्हणजे स्वरांच्या झटपट वळणांत होते. तिचा जबडा स्थिर आणि तुमचा खटका, हे डोळ्याला लगेच दिसतं. तिथे स्वर सपाट ठेवा, अवघड वाटलं तरी.

तिच्या साध्या बोलण्याचं २-३ मिनिटांचं रेकॉर्डिंग मागून घ्या. आवाजाची नक्कल नको. तिचा स, च, ण उचला. गाण्याआधीचा शेवटचा संवाद ऐकून पहिली ओळ त्याच वजनात घ्या, माइकपासून वीतभर लांब.

जुनी_तबकडी:
ओठ आधी, आवाज मागून, हाच प्रकार १९६१ च्या ‘वेस्ट साइड स्टोरी’त अमेरिकन गायिका मार्नी निक्सन यांनी केला. नायिका नॅटली वूड यांचं चित्रीकरण त्यांच्या स्वतःच्या गाण्यावर झालं होतं, निक्सन यांना नंतर त्या ओठांवर बसवावं लागलं. त्याआधी ‘द किंग अँड आय’ (१९५६) मध्ये नायिका डेबोरा कर यांच्याबरोबर शेजारी उभं राहून निक्सन यांचा सराव झाला होता. हाच मार्ग खरा चांगला. जमलं तर नायिकेबरोबर एक तास मागाच. श्रेयनामावलीत नाव नव्हतंच. ‘वेस्ट साइड’च्या रेकॉर्डसाठी संगीतकार बर्नस्टाइन यांनी स्वतःच्या रॉयल्टीतला पाव टक्का निक्सन यांना दिला.

आपल्याकडे ‘महल’ (१९४९) च्या रेकॉर्डवर लताबाईंऐवजी पात्राचं नाव होतं, ‘कामिनी’. इतका मोठा आवाज आणि तबकडीवर नाव नाही, याची चीड आजही येते.

करारनामा:
२०१२ च्या दुरुस्तीनंतर कॉपीराइट कायद्याच्या कलम ३८ब नुसार सादरकर्त्याला स्वतःची ओळख मागता येते. पण ‘सादरकर्ता’च्या व्याख्येत एक परंतुक (अपवाद) आहे: चित्रपटातलं काम किरकोळ किंवा प्रासंगिक असेल आणि रिवाजानुसार त्याला कुठेच श्रेय मिळत नसेल, तर तो माणूस सादरकर्ता धरला जात नाही, काम विकृत केल्याविरुद्धचा हक्क तेवढा उरतो. म्हणून करारात ‘मुख्य पात्राची दोन्ही संपूर्ण गाणी’ असं स्पष्ट लिहून घ्या. ‘किरकोळ गायन’ हा शब्द दिसला तर खोडायला लावा.

चित्रपटात वापराला लेखी संमती दिली की निर्मात्याला त्या चित्रपटापुरतं अडवता येत नाही, मात्र व्यावसायिक वापराच्या रॉयल्टीचा हक्क कलम ३८अ खाली राहतो. एकरकमी मानधनात तो बुडाला असं कुणी तोंडी सांगितलं तर मानू नका.

मानधन गाण्यागणिक, २ फेरदुरुस्त्या त्यात धरून, पुढच्या प्रत्येकीचे वेगळे. गुप्ततेला मुदत घाला, प्रदर्शनानंतर अमुक महिने. नंतर स्वतःच्या कामाच्या यादीत ही गाणी दाखवायची मुभा हवी. तुमच्या आवाजावरून कृत्रिम आवाज तयार करायला मनाई, हे वेगळं कलम. आणि अंतिम फाइल पैसे जमा झाल्यावरच.

कोमल_रिषभ:
राहिलंच. वागळेत आजूबाजूला कारखाने आहेत. गाण्याआधी ३० सेकंद रिकाम्या खोलीचा आवाज रेकॉर्ड करून हेडफोनवर ऐका. कॉम्प्रेसरची घरघर ऐकू आली तर रात्रीची वेळ मागा. हळू ओळींखाली ती नंतर निघत नाही.