गुलाबावरच्या लाल कोळीवर परभक्षी कोळी चालते का?

गुलाबवाला_मावळ: पॉलिहाऊसमध्ये खालच्या पानांमागे लाल कोळी (रस शोषणारी बारीक कीड), जाळीही धरलीय. कोळीनाशकं आता दाद देत नाहीत. तिला खाणारी परभक्षी कोळी सोडू का?

मंदाताई: जरूर सोडा! आपल्याकडची नियोसेयुलस लाँगिस्पायनोसस ही परभक्षी कोळी लाल कोळीची अंडीसुद्धा फस्त करते. भिंगातून पाहा: लाल कोळी मंद, पाठीवर दोन काळे ठिपके, मित्रकोळी (हीच परभक्षी) चकचकीत, थेंबाच्या आकाराची, सरसर पळणारी. जाळी दाट असलेली पानं आधी काढून जाळा. हवा फार कोरडी नको, मित्रकोळीची अंडी सुकतात.

गुलाबवाला_मावळ: नुकतंच पायरेथ्रॉइड कीटकनाशक मारलंय.

मंदाताई: मग थांबा हो, दादा! त्याचा अंश पानांवर कित्येक आठवडे राहतो. सगळ्या मित्रकोळी मरतील बिचाऱ्या.

बागप्रेमी: भुरी रोगावरचं गंधकही तेवढ्यापुरतं बंद ठेवा.