मदत हवी आहे: आत्याची पत्रं आणि बुरशी लागलेल्या कॅसेट

नमस्कार मंडळी. १९८२च्या गिरणी संपात लालबागच्या चाळीतून आत्यानं गावी आजीला पाठवलेली १७ आंतर्देशीय पत्रं मला सापडलीत. घडीवरची शाई विरलीय. एका पत्रात नुसता रेशनचा हिशोब, आणि कडेला तिरकं लिहिलंय, ‘भोंगा वाजत नाही, पहाटे उगीच जाग येते.’ त्या ओळीपाशी मी दर वेळी थांबते.

यावर छोटी फिल्म करतेय, एकटीच. वाट सापडली ती पायल कपाडियांच्या ‘अ नाइट ऑफ नोइंग नथिंग’मुळे (२०२१, कान चित्रपट महोत्सवात सर्वोत्तम माहितीपटाचा ‘गोल्डन आय’ पुरस्कार). त्यात पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमधल्या २०१५च्या संपाची दृश्यं खरी आहेत, पण त्यावर ऐकू येणारी पत्रं लिहिणारी ‘एल’ कल्पित.

माझी अडचण उलटी आहे. पत्रं खरी, पण आजीची उत्तरं हरवलीत. ती मी लिहून कुणाच्या तरी आवाजात वापरू का? आजी आता नाही, तिच्या तोंडी शब्द घालायला जीव धजत नाही. आणि केलंच, तर प्रेक्षकाला ते कुठे, कसं कळू द्यावं? असं काम केलेल्यांनी कृपया सांगा.

दुसरं, काकांनी चाळीत शूट केलेल्या ३ हाय-एट (जुन्या हँडीकॅमच्या छोट्या व्हिडिओ) कॅसेटवर पांढरी बुरशी आलीय. प्लेअरमध्ये अजून घातलेल्या नाहीत. मुंबई-पुण्यात आधी टेप साफ करून मग डिजिटल करून देणारं कुणी खात्रीचं माहीत आहे का? खर्चाचा अंदाजही कळवा.