लॅमिंग्टन रोडची दुकानं खरी किती वाजता उघडतात? दिवाळीनंतर यायचंय

सिन्नरचा_साउंडवाला
नमस्कार मंडळी. आमच्या भजनी मंडळाचा अँप्लिफायर बसलाय. जुना आहे, बॅटरीवरही चालणारा, आउटपुटला २एन३०५५ ची जोडी. दोन्ही ट्रान्झिस्टर उडालेत आणि ट्रान्सफॉर्मरला जळका वास मारतोय. सप्ताह तोंडावर आलाय आणि टाळकरी मला रोज विचारतायत, "भाऊ, माइक कधी?"

नाशकात एम. जी. रोडला विचारून आलो. मोबाइलचं म्हणाल ते मिळतं. २एन३०५५ चं नाव काढलं की पोरगं माझ्याकडे बघत राहतं. म्हणून मुंबई, लॅमिंग्टन रोडचा इलेक्ट्रॉनिक्स पार्टचा बाजार.

भाऊबीज उरकली की दुसऱ्या दिवशी निघावं असा विचार आहे. पंचवटी एक्सप्रेसने येईन आणि सव्वासहाच्या पंचवटीने सीएसएमटीहून परत. म्हणजे मधले तेवढेच तास हातात. मोबाइलच्या नकाशावर वेळा बघितल्या तर शेजारशेजारच्या दुकानांचा मेळ नाही. एक '९ ते ९', दुसरं साडेदहा ते साडेसात, तिसरं चक्क '२४ तास चालू'. रात्री दोनला कपॅसिटर घ्यायला कोण जातं बुवा?

तो दिवस नको असेल तर त्यापुढचा कोणता वार बरा? शुक्रवार, शनिवार, रविवार, काहीही जमवेन. वेळ उरला तर चोरबाजारातही डोकवायचंय, जुना ट्रान्सफॉर्मर मिळतोय का बघायला.

डोंबिवली_स्लो
रविवार डोक्यातून काढा. एखाददुसरं दुकान उघडं असतं, फुटपाथवर चार्जर-केबलवाले बसतात, पण पार्टवाल्यांची शटरं खालीच.

काउंटरमागचा_काका
साउंडवाले, मी त्याच रस्त्यावर एका पार्टच्या दुकानात काउंटरला होतो, आता घरी बसून नातवाचे रिमोट दुरुस्त करतो. म्हणून जरा लांबण लावतो, वाचून घ्या.

पहिली गोष्ट, भाऊबीजेच्या दुसऱ्या दिवशी येऊ नका. तिथले बरेचसे दुकानदार गुजराती-कच्छी-मारवाडी. लक्ष्मीपूजनाला वहीपूजन झालं की शटर खाली, ते उघडतं लाभपंचमीला, म्हणजे कार्तिक शुद्ध पंचमीला. आपल्या पंचांगात पांडवपंचमी लिहिलेली असते तीच. मधल्या दिवसांत शेठ गावाला, पोरं गावाला. आणि पंचमीला उघडतात म्हणजे काय, तर मुहूर्ताचा सौदा करतात, पेढा देतात आणि दुपारी घरी. नकाशावर मात्र त्या सगळ्या दिवसांत 'उघडे आहे' दिसत राहतं, कारण वेळ बदलायला हवी ती दुकानदाराने, आणि तो भुजला.

तुमच्या '२४ तास'चं म्हणाल तर तो आकडा कधीतरी कोणीतरी भरलेला असतो. दुकान नकाशावर चढवताना मालकाच्या भाच्याने काहीतरी दाबलं, विषय संपला. त्यापेक्षा खाली लोकांनी टाकलेले ताजे फोटो आणि अभिप्राय बघा. महिनाभरातला कुणाचा अभिप्राय असेल तर दुकान निदान जिवंत आहे एवढं कळतं. वर्षभरात काहीच नसेल तर तिथे आता मोबाइलची कव्हरं विकत असतील.

शटर साधारण साडेदहाच्या आसपास वर जातं. पण शटर वर गेलं म्हणजे माल मिळाला असं नाही. काउंटरवर फक्त चालणारा माल असतो, बाकीचा मागच्या गल्लीतल्या किंवा माडीवरच्या गोडाउनात. तो आणणारा पोरगा अकरा-सव्वाअकराला येतो, जेवायला गेला की तासभर दिसत नाही, आणि संध्याकाळी सहानंतर त्याला गोडाउनात पाठवलं तर तो तोंड वाकडं करतो. २एन३०५५ आता गोडाउनातलाच माल. तेव्हा फोनवर "किती वाजेपर्यंत चालू?" असं विचारलंत तर "आठ" हेच उत्तर येईल आणि ते खरंही असेल. विचारायचं असं: "२एन३०५५, चार नग, काउंटरला आहेत का गोडाउनला? गोडाउनला असतील तर उद्या साडेअकरापर्यंत काढून ठेवाल का?" नाव सांगायचं, नंबर द्यायचा. ठेवतात काढून. फोन मात्र सकाळी अकरानंतर. बोहनीच्या आधी कोणी धड बोलत नाही.

आणि नंबर दुकानाच्या पाटीच्या फोटोवरून किंवा जुन्या बिलावरून घ्या. यादी देणाऱ्या साइटवरचा नंबर फिरवलात तर दुसऱ्याच कुणाला लागायचा, आणि मग दिवसभर तुम्हाला सीसीटीव्ही विकणाऱ्यांचे फोन.

वार शनिवार. शुक्रवारी चोरबाजारातली दुकानं बंद असतात. त्या दिवशी पहाटे रस्त्यावर जुम्मा बाजार भरतो, पण तुमची पंचवटी दादरला लागेपर्यंत तो उठलेला असतो. रविवारी लॅमिंग्टन नाही. दोन्हीकडे जायचं तर शनिवारच उरतो.

दादरला उतरा, वेस्टर्नची स्लो पकडा, फास्ट ग्रँट रोडला थांबत नाही. पूर्वेला बाहेर पडा, चालत जाल.

कलम_वाचणारा
काकांच्या माहितीत थोडी भर. पूर्वी, म्हणजे १९४८ च्या मुंबई दुकाने कायद्यात, आठवड्यातून एक दिवस दुकान बंद ठेवणं सक्तीचं होतं. २०१७ च्या नव्या कायद्यात ती सक्ती गेली. आता दुकान आठवडाभर उघडं ठेवता येतं, फक्त प्रत्येक कामगाराला साप्ताहिक सुट्टी द्यावी लागते. त्यामुळे 'रविवारी बंदच असणार' असं कायद्याने काही नाही.

काउंटरमागचा_काका
कायद्याने नाही, बायकोने आहे. रविवारी शेठाणी सोडत नाही. शिवाय घाऊक गिऱ्हाईक रविवारी येत नाही, मग दिवे जाळून बसायचं कुणासाठी?

पेठेतला_पोट्या
मुंबईच कशाला? पुण्यात बुधवार पेठेत या, तापकीर गल्ली आणि पासोड्या विठोबाच्या आसपास सगळं मिळतं. सिन्नरहून एसटी सरळ येते. फक्त दुपारचं जपा. पुण्याच्या एक ते चारवर कितीही विनोद झाले तरी काही जुनी दुकानं अजून दुपारी शटर अर्धं खाली घेतात. अर्धं दिसलं तर वाकून आवाज द्या, आत शेठ डबा खात असतो. आणि अनंत चतुर्दशीच्या आसपास पुण्याचं नावच काढू नका, पण ते आता गेलं.

सोल्डर_ताई
ट्रान्सफॉर्मर चोरबाजारातून आणू नका भाऊ. जुना म्हणजे कुणाचा तरी जळलेलाच, वार्निश मारून ठेवलेला. तुमचाच ट्रान्सफॉर्मर नाशकात वाइंडिंगवाल्याकडे द्या. मोटार भरतात त्यातले काही जण छोटे ट्रान्सफॉर्मरही भरतात. मात्र सुट्टा करून देण्याआधी प्रत्येक वायरचा रंग लिहून फोटो काढून ठेवा. तुमच्या सप्ताहापर्यंत करून देईल का ते आधी विचारा, दिवाळीत तिकडेही कारागीर गावाला जातात.

सिन्नरचा_साउंडवाला
सगळ्यांचे आभार. आज अकरा वाजून गेल्यावर फोन लावले. पहिला लागलाच नाही. दुसऱ्याने काका म्हणाले अगदी तसंच सांगितलं, "पंचमीला मुहूर्त, खरं काम त्याच्यानंतर." चार नग गोडाउनला आहेत म्हणाला, नाव लिहून घेतलं. मी विचारलं ओरिजिनल आहेत का, तर म्हणाला, "साहेब, दोन भावाचे आहेत."

पंचमीनंतरच्या शनिवारी येतोय. ताई, ट्रान्सफॉर्मर नाशकातल्या सिडकोत एका वाइंडिंगवाल्याकडे टाकला, चोरबाजार रद्द. काका, ते दोन भावाचं काय करू?

काउंटरमागचा_काका
महागाचा घ्या आणि तरी बघून घ्या. २एन३०५५ चा कागदावरचा दम १५ अँपिअर आणि ६० व्होल्ट. खोट्या मालात बाहेरची धातूची टोपी तीच, आतली चिप एवढीशी. तुमचे उडालेले दोन सोबत आणा. जुना अस्सल असेल तर हातात घेऊन वजनातला फरक कळतो, छपाई नखाने खरवडून बघा, पुसली गेली तर परत करा. वजनाने शंभर टक्के ओळखता येत नाही, पण अगदीच हलका असेल तर सोडून द्या. आणि मीटर घेऊन या, काउंटरवरच बेस-एमिटर या दोन पिनांमध्ये तपासा. कोणी हरकत घेत नाही. घेतली तर पुढचं दुकान.

दुकानात शिरल्या शिरल्या मायका वॉशर आणि बुश मागा, ट्रान्झिस्टरमधून हीटसिंकच्या पत्र्यात वीज उतरू नये म्हणून मध्ये लावतात ते. हे काउंटरलाच असतं, पण ट्रान्झिस्टर मिळाल्याच्या आनंदात सगळे विसरतात आणि सिन्नरला पोचल्यावर आठवतं. हीटसिंक पेस्टची छोटी ट्यूबही.

सिन्नरचा_साउंडवाला
मायका किती घेऊ? लागणार दोनच.

काउंटरमागचा_काका
सहा घ्या. तडकतात. आणि पाच वाजता रस्ता सोडा, सीएसएमटीला टॅक्सीने जा, शनिवारी संध्याकाळी जनरलला जागा मिळवायची तर गाडी फलाटाला लागायच्या आधी उभं राहायला लागतं.