मदत हवी आहे: रात्रीच्या ट्रेकसाठी नवख्यांचा सराव कसा घ्यावा?

नमस्कार मंडळी. लोणावळ्याहून राजमाचीला रात्री न्यायच्या नवख्या गटाचा सराव आखतोय. वाट बरीचशी गाडीरस्त्याचीच, पण पावसाळ्यात धुकं उतरलं की फाटे चुकतात.

हेडटॉर्च कपाळावर असली की उजेड नजरेच्याच रेषेत पडतो. सावल्या दिसत नाहीत, दगड-खड्डे सपाट वाटतात. धुक्यात तर समोर नुसती पांढरी भिंत. म्हणून टॉर्च कमरेच्या उंचीवर धरायला लावतोय. डोळे अंधाराला सरावायला 20-30 मिनिटं लागतात आणि एकाने मागे वळून तोंडावर उजेड मारला की सगळं मुसळ केरात! नकाशासाठी मंद लाल दिवा ठेवलाय. फुरसं (विषारी साप) वाटेवरच पडून असू शकतं, त्यामुळे पायापुढचा उजेड मात्र चालताना बंद करायचा नाही.

अडतंय ते इथे: फाट्यावर थांबून खात्री करायची सवय कशी लावायची? पुढच्याच्या टाचा बघत चालणारा आजूबाजूला बघतच नाही. दर 10-15 मिनिटांनी म्होरक्या बदलावा, की आधी तीच वाट दिवसा चालवून खुणा पाठ करून घ्याव्यात? आणि परत फिरायची वेळ निघण्याआधीच ठरवता का? गट नेणाऱ्यांनी आपापली पद्धत जरा सविस्तर सांगा.