गांधीजींच्या आधीच्या अनसूयाबेन

प्रश्न (दांडिया बाजार, वडोदरा):
नमस्कार. आमच्या महिला वाचनगटात पुढील आठवड्यात मला अहमदाबादच्या कामगार नेत्या अनसूया साराभाई यांच्याविषयी बोलायचे आहे. माझे आजोबा येथील एका कापडगिरणीच्या साचेखात्यात होते. ते म्हणत, मालकाच्या बहिणीने शाळा काढली हे कौतुकाचे, पण अहमदाबादचा १९१८चा संप गांधीजींचाच. आजोबा आता नाहीत, तरी त्यांच्या म्हणण्याला नीट उत्तर शोधावेसे वाटते. कामगारांमध्ये अनसूयाबेनचे स्वतःचे स्थान काय होते?

उत्तर (अलकापुरी):
ताई, संपाच्या आधीची पाच वर्षे पाहावीत. १८८५चा जन्म, लहानपणीच आईवडिलांचे छत्र हरपलेले, तेराव्या वर्षी झालेले आणि पुढे मोडलेले लग्न. गिरणीमालक बंधू अंबालाल यांच्या मदतीने त्या १९१२ मध्ये वैद्यकीय शिक्षणासाठी इंग्लंडला गेल्या. परंतु जैन संस्कारांमुळे प्राण्यांचे विच्छेदन पटेना, तेव्हा तो अभ्यास सोडून त्या लंडन स्कूल ऑफ इकॉनॉमिक्समध्ये शिकल्या. परतल्यावर शाळा, पाळणाघर, कामगार स्त्रियांसाठी शौचालये अशी कामे त्यांनी हाती घेतली, आणि येथपर्यंत आपले आजोबा म्हणत ते बरोबरच आहे. मात्र एका सकाळी त्या अंगणात मुलांचे केस विंचरत बसल्या असताना समोरून गिरणीतली माणसे भान हरपल्यासारखी चालत गेली. विचारले, तर ती सलग ३६ तास काम करून येत होती. या माणसांची संघटना बांधायची, हे तेव्हाच त्यांच्या मनाने घेतले. प्लेगच्या काळात विणकरांनी गिरणी सोडू नये म्हणून त्यांना बोनस मिळे, ताणेवाल्यांना (विणण्याआधी उभे धागे लावणाऱ्यांना) मिळत नसे. १९१७च्या डिसेंबरात ताणेवाल्यांनी संप केला, तो अनसूयाबेनच्या नेतृत्वाखाली.

उत्तर (रावपुरा):
१९१८ मध्ये विणकरांचा प्लेग बोनस बंद झाला. मालक २० टक्के वाढ देत होते, टाळेबंदी झाली आणि कामगारांनी ३५ टक्क्यांची टेक धरली. मालकांचे पुढारी होते अंबालाल, सख्खे भाऊ. साबरमतीकाठी बाभळीखाली रोज सभा होई आणि पत्रके वाटली जात. मजकूर गांधीजींचा असे, पण पत्रके निघत अनसूयाबेनच्या नावाने. कामगार कोणाच्या शब्दावर विसंबत होते, ते यावरून कळावे. गांधीजींच्या तीन दिवसांच्या उपवासानंतर प्रकरण लवादाकडे गेले आणि आनंदशंकर ध्रुव यांनी ३५ टक्केच मान्य केले.

उत्तर (मांजलपूर):
१९२० मध्ये मजूर महाजन संघ स्थापन झाला आणि त्याच्या अध्यक्षपदी त्या अखेरपर्यंत राहिल्या. महाजन हे मुळात व्यापाऱ्यांच्या पंचायतीचे नाव. ते मजुरांनी आपल्या संघटनेला लावले, याचे मला फार मोल वाटते. लवादावरील या संघटनेचा भर मुंबईच्या गिरणगावातील अनेकांना मवाळ वाटे, आणि तो आक्षेप अगदीच निराधार नाही. तरीही याच संघटनेच्या महिला विभागातून इला भट्ट यांनी १९७२ मध्ये ‘सेवा’ ही असंघटित कष्टकरी स्त्रियांची संघटना उभी केली. अनसूयाबेन त्याच वर्षी वारल्या.

प्रश्नकर्ती:
मनःपूर्वक आभार. आमच्या गटातील दोघी ‘सेवा’च्या सभासद आहेत आणि त्यांनाही हा धागा ठाऊक नव्हता. पत्रकांवरील नावापासूनच सुरुवात करीन; आजोबांना तेच आधी सांगितले असते.